कॅमेरा यार्डावर लावला तर

आदिलाबादच्या कापूस यार्डापासून हाकेच्या अंतरावर राहणारे एक मामा आणि मुंबईत फिल्म-संकलनाचं काम करणारी त्यांची भाची, या दोघांत एक वाद चालू आहे. मामांचं आयुष्य अडतीच्या दुकानात हिशेब लिहिण्यात गेलं. भाची कापसाच्या हंगामात माहेरी येते तेव्हा लॅपटॉपवर काहीतरी दाखवते आणि मग दोघांची जुंपते. यंदा तिने दोन जुने लघुपट आणले होते: प्रमोद पती यांचा १९७० सालचा 'ट्रिप' आणि मणी कौल यांचा १९८० सालचा 'अरायव्हल'. दोन्ही फिल्म्स डिव्हिजनचे, म्हणजे सरकारी पैशातून झालेले, आणि दोन्हींत मुंबई. शहर माणसाची दिशा हिरावून घेतं, हे प्रयोगशील लघुपटांचं आवडतं म्हणणं. ते आदिलाबादेत बसून पाहिलं तर खरं वाटतं का, एवढाच वादाचा मुद्दा. हे बोलणं एका बैठकीतलं नाही. तुकड्यातुकड्यांनी ऐकलेलं मी सलग लावलं आहे, आणि मला जिथं राहवलं नाही तिथं मध्ये तोंडही घातलं आहे.

भाची: पहिला पाहून काय वाटलं?

मामा: गरगरलं. तेच करायचं होतं ना त्याला?

भाची: हो. चारेक मिनिटांचीच फिल्म आहे, पण मुंबईचा अख्खा दिवस त्यात घुसळून काढलाय. पती मूळचे ॲनिमेशनवाले. प्रागला जाऊन यीर्झी त्रन्का यांच्याकडे शिकून आले. त्रन्का म्हणजे बाहुल्यांच्या ॲनिमेशनमधला मोठा उस्ताद. बाहुली जराशी हलवायची, एक फ्रेम घ्यायची, परत जराशी हलवायची. ती रीत पतींनी जिवंत माणसांना लावली.

मामा: म्हणजे माणसाची बाहुली केली.

भाची: शहर तेच करतं, असं त्यांचं म्हणणं असेल.

मामा: शहर करतं का कॅमेरा करतो? थांब, मी हिशेबवाला माणूस आहे. तूच सांगितलं की पडद्यावर सेकंदाला २४ फ्रेम पळतात. मी सेकंदाला एकच घेतली तं तासाच्या झाल्या ३६००. त्या पडद्यावर किती चालतील? अडीच मिनिटं. आता नोव्हेंबरात आपल्या यार्डाच्या गेटावर ये. रात्रीपासून बंड्या, ट्रॅक्टर, पिकअप रांगेत उभे. तुझा कॅमेरा तिथं दहा तास लाव. पंचवीस मिनिटांत काय दिसेल? गाड्या टणाटण उड्या मारून राहिल्या, हमाल हवेत तरंगून राहिले, मापाड्याचे हात दिसतच नाहीत. मग म्हणशील का, आदिलाबाद म्हणजे भोवळ? ज्या माणसाने त्या रांगेत रात्र काढली त्याला विचार, काळ पळाला का रांगला.

भाची: बरोबर आहे, वेग ही निवड आहे. पण सेकंदाला २४ हीसुद्धा निवडच. डोळ्याला सोयीची म्हणून ती आपल्याला खरी वाटते. मामा, मी रोज हार्बरने जाते. रात्री घरी येऊन दिवस आठवायला बसले की काय आठवतं? एक खांदा, एक जिना, कुणाची तरी डब्याची पिशवी, मग एकदम ऑफिसचा पंखा. मधलं सगळं गायब. दिवस मला तुटक, उड्या मारतच आठवतो. पती डोळ्याला काय दिसतं ते दाखवतच नाहीयेत. संध्याकाळी डोक्यात जे उरतं ते दाखवतायत.

मामा: आणि मला कसा आठवतो माहीत आहे? कुणाचा कापूस, किती क्विंटल, काय भाव, किती उचल आधी घेतली होती. ओळीने.

भाची: तुमच्याकडे वही होती.

मामा: तुझ्याकडे फोन आहे.

(इथं भाची हसली, पण मुद्दा सुटला नाही. 'ट्रिप' पाहणाऱ्याला मीही सांगेन की ती शहराबद्दल कमी आणि शहरात संध्याकाळी उरणाऱ्या शिणाबद्दल जास्त आहे. पती १९७५ साली फार लवकर गेले. 'एक्सप्लोरर', 'क्लॅक्सप्लोजन', 'आबिद' अशा मोजक्या कामांवर त्यांचं नाव टिकून आहे. सरकारी खात्यात बसून माणूस इतकं मोकळं काम करू शकला याचं आश्चर्य आज जास्त वाटतं. साठच्या दशकाच्या मध्यावर इंदिरा गांधी माहिती आणि नभोवाणी मंत्री होत्या. त्या काळात ज्याँ भावनगरी फिल्म्स डिव्हिजनमध्ये परतले आणि पती, शास्त्री, सुखदेव अशा मंडळींना हात मोकळा मिळाला. तो काळ लांबला नाही.)

मामा: आणि हे आमच्यासाठी होतं ना? टाकीजवाल्याला सक्तीच होती. मेन पिक्चरच्या आधी सरकारी रीळ दाखवल्याशिवाय परवाना नाही. आम्ही तेवढ्या वेळात बाहेर बिडी ओढायचो. पाटी पडली की कुणीतरी आत डोकावून यायचा, 'अजून पूरच दाखवून राहिले' म्हणायचा, की आणखी एक बिडी.

भाची: म्हणजे देशातल्या सगळ्यात धाडसी फिल्म तुम्ही बिडीच्या धुरात घालवल्या.

मामा: त्यातल्या किती धाडसी होत्या ते तूच सांग. बाकी सगळं धरण आणि कुटुंबनियोजन.

भाची: ते मान्य. पण एक सांगा, तुम्ही स्वतः मुंबईत राहिलात तेव्हा काय झालं? आजीच्या वेळी.

मामा: सांगतो, कारण तोच माझा मुद्दा आहे. नंदिग्रामने गेलो. पैनगंगेच्या पलीकडे कधी गेलो नव्हतो असं नाही, पण मुंबई पहिल्यांदा. टाटा हॉस्पिटलला दाखवायचं होतं. दादरला गाडगे महाराजांच्या धर्मशाळेत उतरलो. आता बघ, तुझे हे सगळे फिल्मवाले म्हणतात शहरात माणूस हरवतो. मी नाही हरवलो. मला काय पाहिजे ते ठाऊक होतं. कुठल्या खिडकीला केसपेपर, कुठल्या मजल्यावर रक्त, किती वाजता रांगेत उभं राहिलं तं नंबर लागतो, हे दोन दिवसांत पाठ झालं. धर्मशाळेत अकोल्याचे, परभणीचे, बिहारचे लोक. जुना माणूस नव्याला सांगतो, नवा चार दिवसांत जुना होतो. इतकं सरळ गाव मी पाहिलं नाही. ज्याच्याजवळ एकच काम आहे त्याला मुंबई म्हणजे फक्त खिडक्यांची रांग.

भाची: तुमच्याकडे एकच काम होतं, म्हणूनच. आणि परतीचं तिकीट होतं. बारा वर्षं राहून बघा. काम संपत नाही, खिडक्या बदलतात, आणि कुणी जुना माणूस सांगायला नसतो कारण तो विरारला राहायला गेलेला असतो. हरवणं म्हणजे रस्ता चुकणं नव्हे, मामा. रस्ता मला पाठ आहे, डोळे मिटून जाईन. आपण त्या रस्त्याने का जातोय, तेवढं आठवत नाही.

मामा: ते इथंही होतं.

भाची: इथं कसं?

मामा: तुझ्या आजोबांचं बघ. बेल्याला जन्मले ते निझामाच्या राज्यात. १९४८ ला निझाम गेला. १९५६ ला राज्यं नव्यानं मांडली, तेव्हा आदिलाबाद जिल्ह्यातले किनवट आणि राजुरा तालुके मुंबई राज्याला गेले, आम्ही आंध्रात. मावशी किनवटला दिलेली. ती काही न करता दुसऱ्या राज्यात गेली आणि आपण काही न करता तिसऱ्यात. मग तालुक्याचं मंडल झालं. २०१४ ला तेलंगण. २०१६ ला जिल्ह्याचे चार तुकडे: आदिलाबाद, निर्मल, मंचेरियाल, आसिफाबाद. घर जागेवर, विहीर जागेवर, दरवाजा पूर्वेला तो पूर्वेलाच. पण सातबाराला इकडं पहाणी म्हणायचं, अर्ज तेलुगूत करायचा, पोराला मराठी शाळेत घातलं तं पुढं कॉलेजात काय करायचं याची चिंता वेगळी. दिशा गेली म्हणतात ना, ती आमची घरबसल्या गेली. यावर कुणी प्रयोगशील फिल्म केली?

भाची: नाही केली. केली पाहिजे.

मामा: करताना फ्रेम उड्या मारू नको देऊ. इथं सगळं फार हळू झालं.

(मामांचा हा मुद्दा मला पटतो आणि तो साहित्यातल्या एका जुन्या सवयीला छेद देतो. गाव म्हणजे स्थिर, शहर म्हणजे अस्थिर, ही विभागणी शहरात बसून लिहिणाऱ्यांनी केली. सीमेवर राहणाऱ्यांना ती कधीच जमली नसती. भाचीने मात्र इथं शिताफीने जर्मन माणूस आणला.)

भाची: गेओर्ग झिमेल नावाचा समाजशास्त्रज्ञ होता. त्याने १९०३ मध्येच लिहून ठेवलंय की महानगरात डोळ्यावर, कानावर इतकं आदळतं की माणूस स्वतःला वाचवायला थंड होतो. कशाचंच काही वाटेनासं होतं. आणि त्याचं दुसरं म्हणणं असं की शहर पैशावर चालतं, आणि पैसा प्रत्येक गोष्टीला एकच प्रश्न विचारतो, केवढ्याला? त्यामुळे वस्तूंमधला फरकच पुसला जातो.

मामा: हे त्याने मुंबईत लिहिलं का आमच्या यार्डात?

भाची: बर्लिनमध्ये.

मामा: मग त्याला एकच आणा माहीत होता. कापूस वेचताना बायकांच्या बोटांना बोंडाच्या टोकांनी चिरा पडतात. पहिल्या वेचणीचा कापूस वेगळा, तिसऱ्या वेचणीचा वेगळा, पावसात भिजलेला वेगळा, कोणत्या रानातला तेही हात लावून कळतं. आणि गेटावर काय होतं? ढिगात मशीन खुपसतात. पडद्यावर ओलाव्याचा आकडा येतो. ८ च्या आत असला तं पूर्ण हमीभाव. वर गेला की टक्क्याला टक्का कापतात. १२ च्या वर गेला तं सीसीआय, म्हणजे सरकारी कापूस महामंडळ, घेतच नाही, मग व्यापाऱ्याच्या दारात. २०२५-२६ चा लांब धाग्याचा हमीभाव ८११० रुपये क्विंटल. १२ टक्के ओलावा निघाला तं ७७८५. इतकी वेचणी, इतकी बोटं, सगळी त्या एका आकड्यात. तुझा जर्मन म्हणतो तसा फरक पुसला ना? शहरात जायची गरजच पडली नाही.

भाची: मग तुम्ही माझ्याच बाजूने बोलताय.

मामा: मी तुझ्या बाजूने नाही बोलत. मी म्हणतो, हे शहराचं एकट्याचं दुःख म्हणून मिरवू नका.

दुसरी फिल्म लावल्यावर मामा गप्प झाले, हे मला सांगितलंच पाहिजे. 'अरायव्हल' वीसेक मिनिटांची. शहरात येणाऱ्या गोष्टी दाखवते: भाजी, फळं, फुलं, बकऱ्या, आणि माणसं. सगळं येतं, उतरवलं जातं, रचलं जातं, कापलं जातं, खाल्लं जातं. मजूर येतात, वाहतात, जेवतात, झोपतात. समजावून सांगणारा सरकारी आवाज यात नाही. मणी कौल पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ऋत्विक घटकांचे विद्यार्थी. १९६९ सालच्या त्यांच्या 'उसकी रोटी'त एक बाई बस ड्रायव्हर नवऱ्यासाठी भाकरी घेऊन थांब्यावर वाट पाहते, आणि प्रेक्षकालाही तिच्यासोबत वाट पाहावी लागते. 'अरायव्हल'मध्येही तोच धीर आहे. पतींचा कॅमेरा गर्दीवरून पळतो, कौलांचा ओझ्याजवळ थांबतो.

भाची: बोला ना.

मामा: हे कुणी तरी हमालाच्या उंचीवरून पाहिलंय.

भाची: तेव्हा घाऊक बाजार अजून शहराच्या पोटात होते, भायखळा, क्रॉफर्ड मार्केट. पुढे ते टप्प्याटप्प्याने खाडीपलीकडे वाशीला हलले. म्हणजे आता ही फिल्म करायची म्हटली तर शहरातल्या माणसाला माल येताना दिसणारच नाही. तो थेट दारावर येतो, पिशवीत.

मामा: बकऱ्यांचं मला नाही आवडलं.

भाची: बघवत नाही ना?

मामा: बघवतं. जत्रेत काय कमी पाहिलंय? माझं म्हणणं वेगळं आहे. बकरा आणि हमाल एकाच माळेत ओवले की पाहणारा काय समजणार? की बिचारे दोघेही शहराच्या तोंडी पडले. पण हमाल बकरा नाही. तो स्वतः आलाय. गावात काय होतं ते सोडून आलाय, भाव करून आलाय, महिन्याला घरी किती धाडायचे ते ठरवून आलाय. हमाल रात्री जेवताना काय बोलतो ते या माणसाने ऐकलं का? तो नक्की पैशाचं बोलत असेल.

भाची: कौलांना त्याची दया दाखवायची नव्हती, मामा. उलट. दया दाखवायची असती तर गाणं टाकलं असतं, एखाद्या म्हाताऱ्याचा चेहरा जवळून घेतला असता. ते सगळ्याला एकाच नजरेने बघतात, टोमॅटो, बकरा, माणूस. कारण शहर सगळ्याला एकाच नजरेने बघतं. ती नजर त्यांची नाही, शहराची आहे. ते तुम्हाला त्या नजरेत बसवतात, म्हणून अस्वस्थ वाटतं.

मामा: नजर उसनी घेतली तरी डोळे आपलेच असतात.

(दोघांपैकी कुणाच्या बाजूने जावं हे मला इथं ठरवता आलं. मी भाचीच्या बाजूने आहे. 'अरायव्हल'मधली क्रूरता मोजून मापून आहे आणि ती मजुरांवर नव्हे, आपल्यावर, म्हणजे त्या भाजीच्या आणि मांसाच्या गिऱ्हाइकावर रोखलेली आहे. पण मामांच्या तक्रारीतला एक भाग उरतोच. अशा फिल्मांत येणाऱ्याला गाव नसतं. तो फ्रेमच्या कडेतून उगवतो. १९२७ साली वाल्टर रुटमान यांनी बर्लिनच्या एका दिवसावर जी गाजलेली फिल्म केली, तीही पहाटेच्या आगगाडीने शहरात शिरते. गाडी कुठून निघाली ते विचारायचं नसतं. झीगफ्रीड क्राकाउअरने तेव्हाच बोट ठेवलं होतं की यात तालबद्ध जोड्या लावल्यात पण त्या जोड्यांना काही म्हणायचं नाही. दोन वर्षांनी झिगा वेर्तोव्हने 'मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा'त निदान कॅमेरामनला आणि रीळ कापणाऱ्या बाईलाही फ्रेममध्ये आणलं, म्हणजे ही गरगर कोण बनवतंय ते तरी कळलं. ती बाई भाचीच्याच व्यवसायातली.)

मामा: आमच्याकडेही कॅमेरा आला होता ना, निझामाच्या काळात.

भाची: हायमेनडॉर्फ. क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ. व्हिएन्नाचे मानववंशशास्त्रज्ञ. १९४० साली गोंडांचा पुढारी कोमरम भीम मारला गेला, त्यानंतर गोंडांच्या असंतोषाची कारणं शोधायला निझाम सरकारने त्यांना इकडे पाठवलं. ते आणि त्यांच्या पत्नी बेटी एलिझाबेथ तेव्हाच्या आदिलाबाद जिल्ह्यातल्या मार्लवाईला राहिले. त्यांनी फिल्मही घेतली.

मामा: मग त्यांच्या फिल्मात गोंड कसे दिसतात? गरगरताना?

भाची: सण, नाच, रोजची कामं. मानववंशशास्त्रज्ञाची शांत नजर असते.

मामा: हे बघ. जंगलातून लोकांना हाकललं, जमिनी गेल्या, गोळ्या चालल्या, त्यासाठीच तो साहेब आला. आणि फिल्म शांत. मुंबईत माणूस वेळेवर गाडी पकडून कामावर जातो, घरी येतो, आणि फिल्म म्हणते, दिशा गेली, भोवळ आली. जंगलाला शांत दाखवायचं आणि शहराला वेडं, हे कुणी ठरवलं?

भाची: साहेबांनी पुस्तकात सगळं लिहिलंय, जमिनी कशा गेल्या ते. सरकारला अहवाल दिले, त्यावरून काही जमिनी परतही मिळाल्या.

मामा: लिहिलं असेल. मी फिल्मबद्दल विचारतोय.

भाची थोडी अडखळली. मला वाटतं, सगळ्या वादातला हा सर्वात नेमका घाव होता. प्रयोगशील लघुपट शहरासाठी जी भाषा राखून ठेवतो (तुटक कट, वेडावाकडा वेग, आवाजाचा कल्लोळ) ती गावाच्या वाट्याला क्वचित येते. गावाला मिळतो लांब, संथ शॉट आणि बासरी. इथल्याच इंद्रवेल्लीला २० एप्रिल १९८१ रोजी गोंडांच्या मेळाव्यावर पोलिसांनी गोळीबार केला. त्या दिवसाला संथ शॉट कसा पुरेल?

भाची: बरं, ऐका. तुमचं सगळं मान्य करून एक विचारते. तुमचा कापूस कुठे जातो?

मामा: जिनिंगला.

भाची: मग?

मामा: सरकी वेगळी, रुई वेगळी. रुईच्या गाठी बांधतात, एक गाठ १७० किलोची. साधारण पाच क्विंटल कापूस लागतो एका गाठीला.

भाची: मग?

मामा: ट्रक. नागपूर-हैदराबाद हायवेला लागतात. काही गुजरातकडं म्हणतात, काही तमिळनाडूकडं. पूर्वी मुंबईला जायचा म्हणे.

भाची: मी रोज 'कॉटन ग्रीन' स्टेशनवरून जाते. तिथे कापसाचा बाजार होता, एक्स्चेंजची मोठी इमारत आहे. पलीकडे गिरण्या होत्या. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला आणि गिरणगाव संपत गेलं. आता स्टेशनला नाव आहे, कापूस नाही. गाडीतल्या कुणाला विचारलं की हे नाव कुठून आलं, तर हसतील. आणि तुम्हाला विचारलं की गाठ कुठे गेली, तर तुम्ही म्हणता 'म्हणतात'. शहरवाल्याला मागचं टोक दिसत नाही, तुम्हाला पुढचं. मी जी भोवळ म्हणते ती हीच आहे, मामा. 'अरायव्हल' मला म्हणून आवडते, ती मधला तुकडा हातात देते. ओझं उतरतानाचा.

मामा: माझ्या अंगणात मधला तुकडा फोनमध्ये आलाय. 'कपास किसान' ॲप. आधी नाव नोंदवा, मग स्लॉट घ्या, मग कापूस आणा. गेल्या हंगामात आपल्या गल्लीतल्या म्हाताऱ्यांना मीच काढून दिले स्लॉट. ओटीपी मुलाच्या फोनवर, मुलगा हैदराबादला. म्हातारा अंगणात कापसाच्या गंजीवर बसलाय आणि मुलाच्या फोनची वाट पाहून राहिला. मग आकाशात ढग. ढग आला की ओलावा वाढतो, ओलावा वाढला की तुझा तो आकडा. तूच सांग, हा म्हातारा शहरात आहे का गावात?

भाची: हा म्हातारा माझ्या फिल्ममध्ये आहे.

मामा: फिल्म करतेस?

भाची: करायचीय. पाच-सहा मिनिटांची. मुंबई आणि आदिलाबाद दोन्ही. पण वेग उलटा. लोकल एकदम संथ, म्हणजे दारातला एक हात पूर्ण मिनिटभर. आणि यार्ड सेकंदाला एक फ्रेम.

मामा: माझीच चोरलीस.

भाची: तुमच्याच हिशेबावरून. दहा तासांच्या रांगेची पंचवीस मिनिटं होतात म्हणालात, मला त्यातली दोन पुरे.

मामा: दोन नाही पुरणार. ज्याने रांगेत रात्र काढली त्याची रात्र दोन मिनिटांत उडवली तं मग तुझ्यात आणि त्या पतीत फरक काय? यार्ड पळव, पण मध्ये एकदा थांब. मशीन ढिगात खुपसतात तिथं. चालत्या घड्याळाएवढ्या वेगाने. आकडा येईपर्यंत.

भाची: आणि आकडा दाखवू?

मामा: दाखव म्हणजे काय!

भाची: आकडा दाखवला की लोक वाचायला लागतात. वाचायला लागले की बघायचं थांबतात. मग ती बातमी होते.

मामा: होऊ दे. सगळी फिल्म दोन दुनियांची गरगर दाखवशील, आणि ज्या एका गोष्टीवर म्हाताऱ्याचं वर्ष ठरतं तीच धूसर ठेवशील? त्याला गरगर नाही होत, पोरी. तो त्या आकड्याकडं एकटक पाहत असतो. अख्ख्या यार्डात तेवढा एक माणूस पूर्ण शुद्धीत असतो.

भाची: मग मी त्याचे डोळे घेईन. आकडा त्याच्या डोळ्यांतून कळेल.

मामा: डोळे नको. मागं एक टीव्हीवाला आला होता, त्याने आमच्या डोळ्यांचंच घेतलं, सगळे रडवे दिसलो. मशीनचा पडदा घे. आणि फोकस नीट ठेव, दशांश चिन्हानंतरचा आकडाही वाचता आला पाहिजे. भाव त्याच्यावरही कापतात.